सातचं तिकीट

माझे मामेसासरे हे जगातले एकमेव गिर्यारोहक असावेत, ज्यांनी आजवर एकही डोंगर दोन घंट्या झाल्याशिवाय चढलेला नाही. एक घंटी म्हणजे थांबा आणि दोन म्हणजे चला, हे तीस वर्षांच्या एसटीतल्या कंडक्टरकीनं त्यांच्या अंगात भिनवलेलं आहे. निवृत्त झाल्यावर घंटीची दोरी हातातून सुटली, म्हणून त्यांनी गळ्यात पितळी शिट्टी अडकवली, एवढाच काय तो फरक. वर्ध्याला पिपरी मेघेत आमच्या घरापासून दोन गल्ल्या सोडून ते राहतात. बाजाराला निघताना मामी पिशवी घेऊन फाटकाशी उभ्या राहतात आणि आतून दोन शिट्ट्या आल्याशिवाय पाऊल उचलत नाहीत. एकदा उचललं होतं, तर मामाजींनी त्यांना परत आत बोलावलं आणि रीतसर पुन्हा बाहेर काढलं.

तर हे गृहस्थ दर हिवाळ्यात कारंजा घाडगेच्या वरच्या अंगाला असलेल्या पहाडात तीन दिवसांची पायी सफर नेतात. वर्धा जिल्ह्यात पहाड आहे असं सांगितलं की बाहेरचे लोक आधी आपल्याकडं पाहतात आणि मग नकाशाकडं. सह्याद्री चढून आलेल्या एका पुण्याच्या तरुणानं पहिल्याच दुपारी अदबीनं विचारलं होतं, "काका, डोंगर कधी सुरू होणार?" मामाजी म्हणाले, "एक तं मांगंच संपला ना. तुमी फोटो काढून राह्यले होते तवा." तिसऱ्या दिवशी मात्र हाच तरुण सागाच्या पाचोळ्यावरून घसरत, दोन्ही हातांनी झुडपं धरत वर आला आणि त्यानंतर त्यानं उंचीचा विषय काढला नाही.

सफर सुरू होते ती हमरस्त्यावरच्या एका ढाब्यापासून. ट्रकवाल्यांच्या खाटांमध्ये सगळ्यांना ओळीनं उभं करून मामाजी माणसं मोजतात. ते त्यांना पाहुणे म्हणत नाहीत, ट्रेकर तर नाहीच, म्हणतात, 'प्याशिंजर'. बायका पुढच्या जागांवर, म्हातारे त्यांच्या मागं, आणि सगळ्यात शेवटी जो असेल त्याला 'मांगचं शीट' म्हणतात. हे शीट बहुधा माझंच असतं. पायवाट एका माणसाच्या रुंदीची, डावीकडं उतार, उजवीकडं काटेरी बोरी, आणि अशा ठिकाणी मामाजी पुढून ओरडतात, "चला, आतमधी सरका, दारात उभं राहू नका!" कोणाला झाडामागं जाऊन यायचं असेल तर हात वर करावा लागतो. त्याला विनंती थांबा म्हणतात आणि असा थांबा दिवसातून दोनदाच मिळतो.

सगळ्यात जास्त माणसं फसतात ती 'टप्प्या'वर. दमलेला प्याशिंजर विचारतो, अजून किती राहिलं? मामाजी सांगतात, "एकच टप्पा." माणसाला हुरूप येतो. एक टप्पा म्हणजे ते समोरचं वळण, फार तर त्यापुढची टेकडी, असं समजून तो उरलंसुरलं पाणी पिऊन टाकतो. एसटीच्या हिशेबात टप्पा सहा किलोमीटरचा असतो, हे त्याला संध्याकाळी कळतं. मी पहिल्या वर्षी याबद्दल मामाजींशी भांडलो होतो. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "जवाईबापू, मी अर्धा टप्पा म्हनलो असतो तं खोटं झालं असतं."

मी या सफरींना जाऊ लागलो तो हौसेनं नव्हे. माझी हौस खुर्चीत बसूनच पूर्ण होणारी आहे. मला मामींनी पाठवलं. "पेन्शन घेऊन मानूस घरी बसते. ह्या मानसाचं त्या पहाडावर काय ठेवून हाय, थे पाहून या," असं त्यांनी मला डब्यात शंकरपाळे भरून देताना सांगितलं. मी पाहून आलो. पहाडावर मामाजींची बहीण होती.

त्याचं असं आहे. पहाडातल्या तीन गोंड गावांत आमचे दोन मुक्काम आणि शेवटचं जेवण असतं. हल्ली याला होमस्टे म्हणतात. मामाजी मुक्कामच म्हणतात, कारण त्यांनी तो शब्द नोकरीत कमावला आहे. पूर्वी या शेवटच्या गावाला मुक्कामी गाडी जायची. संध्याकाळी पोचायची, ड्रायव्हर-कंडक्टर गावात झोपायचे आणि सकाळी गाडी परत निघायची. त्यांच्या जेवणाच्या घरोघरी पाळ्या असत. पुढं एका पावसाळ्यात नाल्यावरचा रपटा वाहून गेला आणि गाडी खालच्या फाट्यावरूनच वळू लागली. गाडीचा मार्ग बदलला, मामाजींचा नाही. नोकरी संपेपर्यंत ते सुट्टीच्या दिवशी पायी जायचे आणि नोकरी संपल्यावर एकट्यानं जायला घरी कारण सांगता येईना, म्हणून प्याशिंजर जमवू लागले. ही सगळी सफर, तिची शिट्टी, तिचे थांबे, हे सारं एका सपरीवर, म्हणजे घरापुढच्या ओसरीवर, जाऊन बसण्यासाठी आहे, हे मला पहिल्याच वर्षी कळलं.

ती सपरी फुलाबाईची. सत्तरीची, उंच, हातावर गोंदणं, आणि चेहऱ्यावर हसू नसताना हसवणारी बाई. गावात शिरलं की आबालवृद्ध मामाजींना 'मामा' म्हणतात, कारण ते तिच्या तिन्ही पोरांचे मामा आहेत. तिघांच्या लग्नात ते मामाच्या जागी उभे होते. आम्ही प्याशिंजर सपरीवर पंगतीला बसतो. मामाजी सरळ आत चुलीपाशी जातात आणि भाकरी तव्यावरून थेट त्यांच्या ताटात पडते. गोंडांमध्ये प्रत्येक घराचे देव ठरलेले असतात. कोणाचे चार, कोणाचे पाच, कोणाचे सहा, कोणाचे सात. देव सारखे निघाले की ते भाऊबंद, वेगळे निघाले की सोयरीक जमू शकते. त्यामुळं नवीन माणूस दिसला की पाण्याच्या तांब्याबरोबर प्रश्न येतो, "किती देवाचे?" नागपूरच्या एका बँक अधिकाऱ्यांनी या प्रश्नाला मान ताठ करून "तेहतीस कोटी" असं उत्तर दिलं होतं. फुलाबाईनं त्यांना आपादमस्तक न्याहाळलं आणि म्हणाली, "मंग तुमचं लगन जुळवनं कठीनच गेलं असन."

फुलाबाईचं घर सातदेव्यांचं. आणि मामाजी? ते गोंड नाहीत. पिढ्यान्‌पिढ्या समुद्रपूरकडं कापूस पिकवणाऱ्या घरात जन्मलेला हा माणूस. घरात देव किती असं विचारलं तर मामींना देव्हारा उघडून मोजावे लागतील. मग हे सातदेवे कसे झाले? हे त्यांनी मला दुसऱ्या वर्षी, एका टेकडीवर, शेवटचं शीट म्हणून मी मागं पडलो असताना मुद्दाम थांबून सांगितलं.

मुक्कामी गाडीवर त्यांचा तो पहिला दिवस होता. गाडी खच्चून भरलेली, इंजिनाचा खडखडाट, आणि हमरस्त्यावरून एक बाई कोंबड्यांची पाटी घेऊन चढली. त्या रात्रीची जेवणाची पाळी तिच्या घरची होती. नवा कंडक्टर कोणत्या घरचा आहे हे कळलेलं बरं, म्हणून तिनं विचारलं, "किती देवाचे, भाऊ?" आमच्याकडं द्यायचे याला 'द्यावाचे' म्हणतात, आणि 'द्यावाचे' व 'देवाचे' यांत शांत खोलीतही फारसं अंतर नसतं, त्या गाडीत तर नव्हतंच. मामाजींना वाटलं, बाई भाडं विचारते आहे. ते म्हणाले, "सात." बाईचा चेहरा उजळला. तिनं सात रुपये दिले, यांनी तिकीट फाडलं आणि संध्याकाळी हा माणूस सपरी सोडून आत चुलीपाशी जेवत होता.

"मले वाटलं, गाव लय मायाळू हाय," मामाजी म्हणाले. "दोन महिन्यानं समजलं का सात कायचे थे. तवापर्यंत तिनं मले राखी बांधलती." मग त्यांनी खरी धास्ती सांगितली. त्याच महिन्यात भाडेवाढ झाली होती. आदल्या महिन्यात ते तिकीट सहाचं होतं. सहा म्हणाले असते तर सहादेवे ठरले असते, म्हणजे भाऊ नव्हे, सोयरे; सपरीवर बसून मानानं जेवले असते आणि सकाळी गाडी घेऊन गेले असते. एका भाडेवाढीवर माणसाला बहीण मिळाल्याचं उदाहरण माझ्या तरी ऐकण्यात दुसरं नाही. हे कोणाला सांगणार नाही, अशी शपथ त्यांनी मला घ्यायला लावली. मी ती पाळली. फक्त बायकोला सांगितलं, म्हणजे अर्थात मामींनाही.

तेव्हापासून मला त्यांच्या काही सवयींचा उलगडा झाला. गावाच्या अलीकडं ते सगळ्या प्याशिंजरांना थांबवून सांगतात की वर गेल्यावर कोणी कोणाचं आडनाव विचारायचं नाही. गोंडांमध्ये आडनावावरून देव ओळखता येतात, हे कारण मात्र ते सांगत नाहीत. कोणी चौकस निघाला तर त्याला दोन शिट्ट्या देऊन पुढं काढतात. आणि दर वर्षी परतीच्या वाटेवर त्यांचं तोंड पडलेलं असतं. लोकांना वाटतं पाय दुखत असतील.

गेल्या वर्षी पायही खरोखर दुखू लागले. डॉक्टरांनी दोन्ही गुडघ्यांचे फोटो उजेडाकडं धरून पाहिले आणि सांगितलं, ऑपरेशन करू, पण पहाड विसरा. मामाजींनी ऑपरेशनची तारीख महिनाभर पुढं ढकलून घेतली आणि शेवटची सफर काढली. वाटेत त्यांनी एकदाही 'आतमधी सरका' म्हटलं नाही. विनंती थांबे मागाल तितके दिले. त्यांतले निम्मे त्यांना स्वतःलाच लागले. दुसऱ्या दिवशी उतारावर माझ्या खांद्यावर हात ठेवून ते म्हणाले, "जवाईबापू, आवंदा तिले सांगून टाकतो."

"काऊन पण? इतकी वर्षं झाली," मी म्हणालो. त्यांच्यासोबत चालताना माझीही भाषा तशीच होते.

"जिंदगीभर विनातिकीट मानसाइले भर उन्हात खाली उतरवलं मी. एका म्हाताऱ्याले तं नाल्यापाशी उतरवलं, अजून दिसते तो मले. न् मी सोता तिच्या घरी तीस साल फुकट बसून हाय. खोट्या आकड्यावर. आता वापस यनं होत नाई, तं निदान खरं सांगून उतरतो."

"आन् तिनं उतरवलं तं?"

मामाजींनी माझ्या खांद्यावरचा हात काढला आणि एकटेच पुढं चालू लागले. पुढचा अख्खा टप्पा ते झाडं धरत धरत उतरले. ज्या माणसाला मी अकरा वर्षं हसत आलो होतो, त्याची मला त्या सहा किलोमीटरमध्ये फार काळजी वाटली.

तिसऱ्या दिवशी दुपारी आम्ही पोचलो. जेवणाआधी सांगावं असं ठरलं होतं, पण चुलीवर अंबाडीची भाजी दिसली. आधी सांगितलं तर ती मिळेलच याची खात्री नाही, म्हणून मामाजी आधी जेवले. चार भाकरी जेवले. मग हात धुऊन अंगणात आले. फुलाबाई सुपात तूर पाखडत बसली होती. मी थोडा बाजूला, खाटेवर, झोपल्याचं सोंग घेऊन पडलो.

"बाई, एक सांगाचं हाय," मामाजी म्हणाले. उभेच होते, गुडघ्यांमुळं, की ज्याच्याकडं तिकीट नसतं तो उभाच राहतो म्हणून, ते मला सांगता येणार नाही. "मी सात देवाचा नाई. कितीचाच नाई. त्या दिवशी मले आयकू आलं का, किती द्यावाचे. मी तुले तिकिटाचे सांगतले."

सूप चालूच राहिलं. थोड्या वेळानं फुलाबाई म्हणाली, "मले मालूम हाय."

"कवापासून?"

"तवापासूनच. देव सांगून कोनी हात पुढं करते का, बापा!"

माझ्या डोळ्यासमोर तो प्रसंग उभा राहिला आणि झोपेचं सोंग टिकवणं कठीण झालं. कोंबड्या घेऊन उभी असलेली बाई, "सात" म्हणणारा कंडक्टर, आणि ताबडतोब पुढं आलेला त्याचा पंजा.

"मंग बोलली काऊन नाई?" मामाजींचा आवाज बारीक झाला होता.

फुलाबाईनं सूप खाली ठेवलं. "माह्या पाठीवर भाऊ नाई. आमाले पाचई बहिनी. तू सात म्हनला. म्या म्हनलं, एवढा मोठा सरकारी मानूस म्हनते सात, तं सात. म्या पैसे देल्ले, तू तिकीट देल्लं. आता वापस घेतं का?"

मामाजी खाली बसले. त्या गुडघ्यांनी कसे बसले कोणास ठाऊक. नंतर त्यांना उठवायला आम्ही तिघं लागलो.

ऑपरेशन व्यवस्थित झालं. मामाजी आता काठी घेऊन फाटकापर्यंत येतात आणि जाणाऱ्या-येणाऱ्या एसटीचा आवाज ऐकून गाडी किती भरलेली आहे ते सांगतात. सफर बंद झाली. मार्चच्या सुरुवातीला एका सकाळी मी त्यांच्याकडं चहाला बसलो होतो, तेव्हा फाटक वाजलं. फुलाबाई उभी होती. पहाड उतरून, फाट्यावर गाडी धरून, कारंज्याला ती बदलून आलेली. डोक्यावर गाठोडं, गाठोड्यात तुरीची डाळ आणि वाळवलेली अंबाडी. मामींनी तिला कधी पाहिलेलं नव्हतं. दोघी क्षणभर एकमेकींकडं बघत राहिल्या. मग फुलाबाईनं चेहऱ्यावरची रेषही न हलवता विचारलं, "किती देवाचं घर हाय हे?"

मामींनी तेवढ्याच कोरडेपणानं सांगितलं, "सात. या आतमधी."

ती चार दिवस राहिली. दोघी स्वयंपाकघरात इतकं बोलत होत्या की मामाजींना चहा दोनदा मागावा लागे. पाचव्या दिवशी सकाळी तिचं गाठोडं पुन्हा बांधलं गेलं. मामींनी त्यात शंकरपाळे भरले. आम्ही सगळे फाटकाशी जमलो. पहाडावर पुन्हा कोण जाणार आणि पहाडावरून पुन्हा कोण उतरणार, हे कोणीच बोललं नाही. फुलाबाई गाठोडं डोक्यावर घेऊन उभी राहिली, पण निघेना. मामाजींनी शिट्टी हातात धरली होती.

"वाजव ना भाऊ," ती म्हणाली. "गाडी निंगाची हाय."

एक वाजली. दुसरी यायला बराच वेळ लागला, आणि तोवर आमच्यापैकी कोणी जागचं हललं नाही.