मयताच्या घरी कागद मागू नये

आमच्या शेताचे दोन तुकडे होते आणि मधली वीस गुंठ्यांची पट्टी शेजारच्या म्हाताऱ्याची. ती ओलांडल्याशिवाय खालच्या तुकड्यात बैल जायचे नाहीत की ट्रॅक्टर. म्हणून नव्वदनंतर कधीतरी वडिलांनी ती पट्टी विकत घ्यायचं ठरवलं. जुन्नरला जाऊन दोघांनी साठेखत केलं, विसार दिला-घेतला, आणि तीन महिन्यांत उरलेली रक्कम देऊन खरेदीखत करायचं असं लिहिलं.

तिसऱ्या महिन्यात म्हाताऱ्याची बायको गेली. मयत झालेल्या घरातून वर्षाच्या आत जमीन काढायची नाही, ही आमच्याकडची रीत. वडील दहाव्याला गेले, दुखवट्याचे टॉवेल-टोपी देऊन आले, कागदाचा शब्दही काढला नाही. मी तेव्हा जुन्नरला शाळेत मास्तर होतो. कायदा कळत नव्हता, पण कागदावरच्या मुदतीला किंमत असते एवढं कळत होतं. म्हटलं, निदान एक चिठ्ठी तरी पाठवू.

"वरीस होऊ दे," वडील म्हणाले. "मयताच्या घरी कागद मागायला मी काय सावकार हाये व्हय?"

वर्ष होईपर्यंत कालव्याला पाणी आलं आणि जमिनीचे भाव कुठल्या कुठे गेले. म्हाताऱ्याची दोन्ही मुलं पिंपरीला कंपनीत होती. वडील मागायला गेले तेव्हा म्हाताऱ्याने मान खाली घालून "न्हाई जमायचं" एवढंच सांगितलं. मुलं म्हणाली, मुदत संपली, करार संपला. आठ दिवसांत वाटेवर बाभळीच्या काट्या येऊन पडल्या. त्या वर्षी खालच्या तुकड्यातला कांदा आम्ही लांबच्या वळणाने डोक्यावरून वाहिला. प्रत्येक गोणीमागे मी वडिलांच्या चांगुलपणाला शिव्या घातल्या.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. आम्ही चढलो आणि सहा-सात वर्षं चढतच राहिलो. वकिलांनी समजावलं होतं की नुसता करार दाखवून भागत नाही, घेणारा सगळा वेळ घ्यायला तयार होता हे दिसावं लागतं. पैसे बँकेत पडून होते, पासबुक होतं. पण मुदतीत मागणी केली होती का? साक्षीच्या आदल्या दिवशी मी वडिलांना म्हणालो, "तोंडी दोनदा मागितलं, असं सांगा. कोण बघायला आलंय?" हे शहाणपण माझं, वकिलांचं नव्हे. वडिलांनी पासबुक पिशवीत घातलं. मला वाटलं, पटलं.

दुसऱ्या दिवशी समोरच्या वकिलांनी विचारलं, "तीन महिन्यांत मागणी केलीत?"

"न्हाई."

"वर्षभरात?"

"न्हाई. त्यांच्या घरात मयत झालं व्हतं."

"म्हणजे तुम्हाला जमीन घ्यायचीच नव्हती!"

घरी येताना मी मोटारसायकलवर मागे बसलेल्या वडिलांवर ओरडत होतो. "तुमच्या खरेपणावर पिकवा आता कांदा," असं म्हणालो मी. त्या वाक्याची मला आजही लाज वाटते.

पुढे म्हाताऱ्याची साक्ष झाली. मागच्या बाकावर दोन्ही मुलं बसलेली. आमच्या वकिलांनी विचारलं, "दुखवट्याच्या वर्षात हे कागद मागायला आले असते, तर करून दिला असतात?"

म्हाताऱ्याने वडिलांकडे बघितलं. "आलं असतं तर दारात उभं केलं नसतं. वरीस झाल्यावर कागद करायचा, ह्ये आमच्यात बोलायची गरजच नव्हती. वरीस झालं, आन ते आलं व्हतं सायेब. मीच न्हाई म्हणलो. पोरांनी सांगितलं म्हणून."

निकाल आमच्या बाजूने लागला. मुलांनी बापाच्या नावाने केलेलं अपीलही टिकलं नाही, पण त्यांनी त्याला पिंपरीला नेऊन ठेवलं, कागदाला काही आणेनात. मग कोर्टाने त्याच्या वतीने सही करायला आपला एक कर्मचारी नेमला.

त्या दिवशी आम्ही रजिस्ट्रार कचेरीत बसलो होतो. एवढ्यात म्हातारा एकटाच आत आला. नोटिशीतली तारीख ध्यानात ठेवून, पहाटेची एसटी धरून, घरात न सांगता आला होता.

"मी जित्ता हाये अजून," तो त्या कर्मचाऱ्याला म्हणाला. "माझी सही दुसऱ्यानं का करायची?"

त्याने अंगठा उठवला आणि बोट धोतराला पुसलं. वडिलांनी त्याला चहाला नेलं, आमच्याकडे चला म्हणून गळ घातली. "जमीन दिली, आता मला बी नेताय व्हय राव?" असं हसून म्हणत तो परतीच्या एसटीत चढला.

पिंपरीत मुलांनी त्याला दार उघडलं नाही; गावच्या घराची किल्लीही त्यांच्याकडेच होती. चार दिवसांनी कळलं तेव्हा तो कळंबला लेकीच्या पडवीत राहत होता. वडील धावत गेले, पण तो आला नाही. आम्हाला शेताची वाट मिळाली होती. मी ती खोटं बोलून मिळवायला निघालो होतो, त्याने खरं बोलून दिली आणि स्वतः बेघर झाला.