उत्तरेच्या उजेडाचा आवाज

वर्षभर मला उजव्या कानानं नीट ऐकू येत नव्हतं आणि हे मी कुणालाही सांगितलं नव्हतं. कळलं नाही की "हो ना!" म्हणायचं आणि मोकळं व्हायचं. मंडळाच्या जेवणाला मला बटाट्याची भाजी सांगितली होती, मी श्रीखंड घेऊन गेले. तीन घरांतून श्रीखंड आलं आणि भाजीचा पत्ता नाही. सगळ्यांबरोबर मीही हसले, पण घरी आल्यावर जीव थाऱ्यावर नव्हता.

त्याच आठवड्यात उत्तरेचा उजेड, म्हणजे नॉर्दर्न लाइट्स, आमच्या डब्लिनपर्यंत दिसणार अशी बातमी आली. रात्री दहाला नवरा, चौदा वर्षांची लेक आणि मी गावाबाहेरच्या शेतांकडे निघालो. गाडी मीच चालवत होते, कारण मग नवरा माझ्या चांगल्या कानाशी बसतो.

"काही लोक म्हणतात त्याचा तडतड आवाज येतो," तो म्हणाला. "अरे, उजेड शंभर किलोमीटर वर! आवाज खाली पोचायलाच पाच मिनिटं लागतील. ऐकणाऱ्यांना त्याच क्षणी कसा ऐकू येतो, यार?"

आकाश खरंच गुलाबी-हिरवं झालं होतं. मला मात्र धड बघवेना. येत असला आवाज तर? मी कोंबडीसारखी मान इकडून तिकडे वळवत राहिले.

नवरा ट्रायपॉड आणायला गाडीकडे गेला. लेक माझ्यासमोर येऊन उभी राहिली. "आई, can you hear it? मोहरी तडतडते तसं?"

मला काहीच ऐकू येत नव्हतं.

"हो ना! अगदी फोडणीसारखं."

ती हसली नाही. "There's no sound, आई. मी मुद्दाम म्हटलं."

मी भडकले. "आईची परीक्षा घेतेस? लाज नाही वाटत?"

"मग काय करू?" ती रडायलाच लागली. "ट्यूजडेला मी बाथरूममध्ये पडले. I kept calling you. तू खालीच होतीस."

मंगळवारी संध्याकाळी मी खाली डिशवॉशर रिकामा करत होते. तिच्या गुडघ्यावरचा काळानिळा डाग मला दुसऱ्या दिवशी दिसला होता, आणि हाक का मारली नाहीस म्हणून मी तिच्यावरच ओरडले होते.