घेवड्यात अननस

आमच्या घरात उसळ गोड झाली तर ती चुकली असं धरतात. कुणाचा तरी हात मिठाऐवजी साखरेच्या डब्यात गेला असणार, असं म्हणून ती म्हशीच्या पाटीत जाते. त्यामुळे माझ्या पोरानं जेव्हा सांगितलं, "आई, घेवडा शिजवायचा, त्यात गूळ, अननस आणि नारळाचं दूध घालायचं आणि वरून भट्टीत भाजायचा," तेव्हा मी आधी त्याच्या कपाळाला हात लावून ताप बघितला.

पोरगा माझा जहाजावर स्वयंपाकी. भांडी घासायला म्हणून चढला आणि घासता घासता कढईपर्यंत पोचला. मोठं जहाज, त्यावर गोरे लोक मजा करायला येतात आणि दिवसभर खात बसतात म्हणे. एकदा गेला की आठ-आठ महिने घरी नाही. फोनवर दिसतो, पण फोनवरचा पोरगा काय कामाचा? त्याला काही वाढता येत नाही. ह्या खेपेला आला आणि दुसऱ्याच दिवशी चहा पिता पिता म्हणाला, "आई, मला परत न्हाई जायचं."

माझ्या मनात उकळ्या फुटल्या. तोंडावर मात्र मी काही दिसू दिलं नाही, कारण पुढचं वाक्य मला माहीत होतं. त्याला रस्त्याकडची शेड पाहिजे होती. आमचं घर राहुरीजवळ, शिर्डीला जाणाऱ्या रस्त्याला लागून, दारावरून सारख्या गाड्या. शेडमधल्या कोंबड्या जाऊन बरीच वर्षं झाली. आता तिथं ठिबकच्या जुन्या नळ्या, फुटके कॅरेट आणि एक बंद पडलेला फवारणी पंप नांदतो. पोराला तिथं खाणावळ काढायची होती. त्यात पिठलं-भाकरी नाही, देशोदेशीचं खाणं.

अडचण होती ती ह्यांची. ह्यांनी पोराला शेतीचं शिकायला घातलं होतं, विद्यापीठ दारातच आहे म्हणून. तो ते सोडून कढईमागं गेला तेव्हापासून हे त्याच्याशी माझ्यामार्फत बोलतात. दोघं समोरासमोर बसलेले असतात आणि हे मला म्हणतात, "त्याला भाकरी पाहिजे का विचार." तो म्हणतो, "आई, अर्धी म्हणावं." मी आपली मधे भाकरी थापत टेलिफोनची तार झालेली.

शेडचं ऐकल्यावर मात्र हे थेट बोलले. छताकडं बघून बोलले, पण थेट.

"लोकं इथनं शिर्डीला जात्यात. त्यांना मिसळ लागती. तुझं जहाजावरलं कोण खानार?"

"तुमी एकदा खाऊन तर बघा."

हे चपला घालत होते, ते थांबले. "बरं. घाल एक दिस खायाला. मी दुसऱ्यांदा वाढून मागितलं तर शेड तुझी. न्हाई मागितलं तर गप बॅग भरायची."

झालं! तुम्हाला हा माणूस माहीत नाही म्हणून सांगते. हे मला बघायला आले होते तेव्हा माझ्या आईनं कौतुकानं विचारलं, पोहे कसे झालेत? सगळी पाहुणेमंडळी बसलेली, आणि हे म्हणाले, "खारट." पोहे मी केले होते. तरी लग्न ठरलं, कारण आमचे दादा म्हणाले की पोरगा खरं बोलतो. तेव्हापासून मी ह्या खरेपणाबरोबर संसार करते आहे. माझं मटण सगळ्या भावकीत नावाजलेलं, पण ह्यांच्या तोंडून "बरं झालंय" याच्या पुढं कधी गेलं नाही. आणि हा माणूस गोड घेवडा दुसऱ्यांदा मागणार!

सरळच सांगते, मला देशोदेशीच्या खाण्याशी काही देणंघेणं नव्हतं. मला माझं लेकरू घरी पाहिजे होतं.

त्यात भर म्हणून नणंदबाई आल्या. ह्यांच्या थोरल्या बहीण, खर्डा गावात दिलेल्या. भावानं पोराशी शर्त लावल्याचं मीच त्यांना फोनवर बोलून बसले, तर त्या सकाळची एसटी धरून हजर. येताना काळा मसाला घेऊन आल्या. आमच्याकडंही काळा मसाला होतो, पण त्यांच्याकडचा म्हणजे डबा उघडला की शेजारच्या घरात शिंका. डबा त्यांनी फळीवर ठेवला आणि म्हणाल्या, "ह्यो घाल. न्हाईतर तुमचं ते राहुरीचं फिक्कं पानी."

पोरानं मला आणि त्यांना दोघींना स्वयंपाकघरात बसवलं आणि बजावलं, नुसतं बघायचं.

घेवडा रात्रीच भिजत घातला होता, तो मऊ शिजवला. कांदा-लसूण परतलं, टोमॅटो घातले, मोहरी वाटून लावली, चिंचेचा कोळ घातला. इथपर्यंत वन्सं माना डोलवत होत्या. मग त्यानं गुळाचा हा एवढा खडा टाकला. वन्सं म्हणाल्या, "अरं अरं अरं." मग अननसाच्या फोडी. "अरं लेकरा, अननस शिऱ्यात घालत्यात!" मग नारळाचं दूध. तो नारळ शेजारणीनं दिलेला, शिर्डीच्या प्रसादाचा. आमच्या ह्या पट्ट्यात कुणाकडं ना कुणाकडं प्रसादाचा नारळ पडलेला असतोच.

"प्रसादाचा नारळ उसळीत?" वन्संनी गालाला हात लावला.

"आत्या, तेवढाच बाबांचा आशीर्वाद. मला लागणार हाय तो."

जहाजावर ह्यात मांसही घालतात म्हणे. कसलं ते मी विचारलं नाही आणि त्यानंही सांगितलं नाही. वन्सं समोर होत्या.

तो जरा पाठमोरा झाला आणि ह्या बाईनं पदराआडून चमचा काढला! काळ्या मसाल्याचा गच्च भरलेला चमचा, पातेल्यापासून वीतभर अंतरावर. पोरानं वेळेवर मनगट धरलं. "आत्या, बाहेर!" म्हणून त्यांची रवानगी पडवीत झाली. तिथून त्या मोठमोठ्यानं बोलत राहिल्या, की ह्या घरात वडीलधाऱ्यांना काही किंमत राहिली नाही.

मग मी चव बघितली. वाईट नव्हती हो! आधी गोड, मागून चिंच, मग मोहरी नाकात जाते, आणि अननसाची फोड दाताखाली आली की कसं प्रसन्न वाटतं. मी सणासुदीला आवडीनं खाल्ली असती. पण ह्यांच्यासाठी हे काही खरं नव्हतं. ह्यांनी पहिलंच ताट कसंबसं संपवलं असतं, म्हणाले असते "गोड हाय," आणि उठून हात धुतले असते. पोरगा तिकडं बॅग भरतोय असं मला डोळ्यापुढं दिसायला लागलं.

तो हात धुवायला मोरीवर गेला. मी आमच्या डब्यातला, आमचा राहुरीचा, मवाळ काळा मसाला एक चमचा घातला आणि ढवळून झाकण ठेवलं. आई आहे मी त्याची, पंच नाही.

आता भाजायचं कशात? आमच्याकडं ओव्हन नाही. पण दिवाळीत इकडच्या सगळ्या बायका नानकटाईचं पीठ घेऊन बेकरीत जातात. आपापले पत्रे लावायचे आणि भाजून होईपर्यंत तिथंच गप्पा मारत बसायचं. त्या वळणानं मी आणि पोरगा पातेलं घेऊन बेकरीत गेलो. तिथले चाचा मला नवी नवरी असल्यापासून ओळखतात.

"वहिनी, दिवाळीला अजून लई टाइम हाय."

"नानकटाई नाही चाचा, उसळ आहे."

चाचांनी झाकण उघडलं, वास घेतला, अननस बघितला आणि झाकण परत ठेवलं. मग पोराकडं बघून म्हणाले, "जहाजावर सगळं बरं चाललं होतं ना बेटा?" पण माणूस भला. पावाचा शेवटचा घाणा निघाल्यावर भट्टी निवत असते, त्या धगीत पातेलं दुपारभर ठेवतो म्हणाले.

संध्याकाळी पोरगा पातेलं आणायला निघाला, तर हे मला म्हणाले, "त्याला सांग, बस म्हनावं. मी आणतो. मला तसंही गावात काम हाय."

मी गारच पडले. ह्या माणसानं उभ्या जन्मात घरी कोथिंबिरीची जुडी आणलेली नाही. वन्सं पडवीतून म्हणाल्या, "वाटंत वतून देतोय बघ." मलाही तीच धास्ती. पोरगा येरझाऱ्या घालत होता, मी उगीच धुतलेली ताटं पुन्हा धूत होते. पण हे आले. मोटरसायकलवर मागं कॅरेट बांधलेला, कॅरेटमधे पातेलं, पातेल्याला फडकं, सगळं शाबूत. त्यांच्याबद्दल वाईट विचार केल्याचं मला जरा वाईटही वाटलं.

आम्ही जेवायला बसलो. वर छान खरपूस थर धरला होता, अननसाच्या कडा तांबूस झाल्या होत्या. पोरानं बापाला वाढलं. सगळी आता ह्यांच्या तोंडाकडं बघत.

ह्यांनी भाकरीचा तुकडा मोडला, घेवड्यात बुडवला, तोंडात घातला आणि चावायचं थांबले.

मला काही कळेना. मग मी घास घेतला. अगं आई गं! जिभेवर निखारा ठेवावा तसं झालं. गूळ कुठं, अननस कुठं, नुसता जाळ. पोरगा डोळे फाडून माझ्याकडं बघत होता. वन्संनी एक घास घेतला आणि ठसका लागून त्या भिंतीला टेकल्या. खर्ड्याची बाई! तिला ठसका!

"आत्या!" पोरगा ओरडला. "तुम्हीच टाकलाय!"

"मी न्हाई! देवाशप्पथ मी न्हाई! मी तर पडवीत हुते!"

"सकाळी चमचा घेऊन कोण उभं होतं?"

"टाकू कुठं दिलास तू?"

मी खाली मान घालून भाकरी मोडत राहिले. एक चमचा, तोही आमचा मवाळ, एवढा कसा चढला? भट्टीत तिखट वाढतं की काय? देवा, मीच माझ्या हातानं लेकराचं वाटोळं केलं!

इकडं हे खात होते. कान लाल झालेले, कपाळावरून घामाच्या धारा, नाक वाहायला लागलेलं. तांब्याभर पाणी प्याले. खांद्यावरच्या पंच्यानं तोंड पुसलं. ताट पुसून साफ केलं. मग त्यांनी ते ताट पुढं केलं, माझ्याकडं नाही, पोराकडं. छताकडंही बघितलं नाही.

"वाढ."

पोराला ऐकू आलंच नाही. हे पुन्हा म्हणाले, "वाढ की. कान फुटले का तुझे?"

त्यानं वाढलं. ह्यांनी ते सगळं खाल्लं, डोळ्यांतून पाणी गाळत, हुंदके द्यावेत तसं नाक ओढत. शेवटी उठून म्हणाले, "बरं झालंय. शेडची किल्ली देवळीत हाय." आणि बाहेर जाऊन रांजणातलं पाणी तोंडावर मारत कितीतरी वेळ उभे राहिले. पोरगा मला मिठी मारून रडला. वन्सं अजून शपथाच घेत होत्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी धुणं काढलं. ह्यांचा पांढरा शर्ट पाण्यात घालायच्या आधी सवयीनं खिसा चाचपला, तर आत कागदाची पुडी. उघडली मात्र, आणि मला शिंकांवर शिंका. आमच्या डब्यातला हा मसाला नव्हता. हा फळीवरच्या डब्यातला, खर्ड्याचा. हे मागं गोठ्यात होते, मी पुडी घेऊन तशीच गेले.

"हे काय आहे?"

दुसरा कुणी असता तर काहीतरी थाप मारून मोकळा झाला असता. ह्यांनी पुडीकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं.

"मसाला."

"पातेल्यात टाकला?"

"व्हय. वाटंत थांबलो हुतो."

"किती टाकला?"

"पुडीत हुता तेवढा. ह्यो राहिला कागदाला."

"अहो पण का? पोराची उसळ बिघडवायला?"

हे म्हशीच्या पाठीवरून हात फिरवत राहिले.

"मला गोड उसळ जात न्हाई," हे म्हणाले. "आवडलं नसताना दुसऱ्यांदा मागायचं म्हंजी खोटं झालं. ते मला जमत न्हाई. मग म्हनलं, मला आवडंल असं करून घ्यावं. जरा जास्त झालं." आणि मग म्हशीलाच सांगितल्यासारखं म्हणाले, "पोरगं गेलं की घर खायाला उठतंय."

मला तिथं शेणाच्या पाटीशेजारी उभं राहून रडू फुटलं. रागही आला. आठ-आठ महिने हा माणूस माझ्या शेजारी बसून बातम्या बघत होता, आणि मला वाटायचं मी एकटीच झुरते. एकदा तरी बोलायचं होतं! पण बोलणं ह्यांना कधी आलंच नाही.

शेडमधून ठोकाठोकीचा आवाज येत होता. पोरगा कोंबड्यांची जाळी काढत होता. हे तिकडं निघाले, पाना आणि पक्कड घेऊन, आणि दोन पावलं जाऊन मागं वळले.

"एक विचारू? मी टाकला तेवढ्यानं एवढं जळायला नको हुतं. आक्का तर शपथा घेती, मी न्हाई म्हून. तू तर काय टाकलं नव्हतंस ना?"

ह्यांचं ते सरळ, खरं तोंड माझ्याकडं बघत होतं.

"मी? मी कशाला टाकू?" मी म्हणाले, आणि शर्ट साबणाच्या पाण्यात बुडवायला निघून आले. घरात एक जण खरं बोलला की पुष्कळ झालं.