खंडेनवमीला अडलेलं डाउनलोड

हर्षद परबला एका जागी बसणं कधी जमलंच नाही. मुलुंडच्या सोसायटीत तो ओळखला जाई तो सायकलमुळे. रविवारी उजाडायच्या आत निघायचं, येऊरचा डोंगर चढायचा, धडाधड उतरायचं आणि धुळीने माखून घरी. एप्रिलमध्ये त्याच उतारावर पुढचं चाक सरकलं, मांडीचं हाड मोडलं आणि आत रॉड बसला.

आता दसरा आला तरी सायकल गॅलरीतच. डॉक्टर म्हणाले होते, खुशाल चालव. पण आज ऊन, उद्या ऑफिसचं काम, परवा टायर बसलेला. खरं कारण त्याने कुणालाच सांगितलं नव्हतं. उतार नुसता आठवला तरी त्याच्या तळव्यांना घाम सुटे.

म्हणून त्याने गेमचा घाट घातला. डोंगरातल्या सायकल शर्यतीचा गेम. भीती गेली की नाही ते कळेल, आणि खुर्चीत बसून पडलं तर मोडणार काय? घाटकोपरच्या निहारने, त्याच्या सायकलवरच्या जोडीदाराने, तो आधीच घेतला होता. दसऱ्याला दोघांनी शर्यत लावायची, असं ठरलं.

नवमीला सकाळी कॉम्प्युटरवर डाउनलोड सुरू झालं. फाइल अवाढव्य आणि नेट मरतुकडं. हर्षद बसे, उठे, चहा पिऊन येई, पुन्हा पडद्यावरच्या पट्टीकडे बघे. एवढ्यात त्याची आई, सुगंधाबाई, ओलं फडकं आणि झेंडू घेऊन आल्या.

"ऊठ. हा पूजेला मांडायचाय."

"आई, थोडंच राहिलंय गं. दुपारी मांड ना."

"विळी, सुरी, बाबांचे पाने सकाळपासून पाटावर बसलेत, आणि तुझा कॉम्प्युटर काय लाटसाहेब?"

"मग चालूच ठेव. वरून हळद लाव."

"चालू हत्याराची पूजा करतात होय रे? आज विश्रांती असते त्यांना!"

तेवढ्यात निहारचा फोन आला म्हणून हर्षद गॅलरीत गेला. परत येतो तर भिंतीवरचं बटण बंद, पडद्याला हळदीकुंकवाची बोटं आणि वर झेंडूचा हार.

"आई! वाट लावलीस!"

"तोंड आवर. पूजा झालीय."

झालं. पूजेला बसलेल्या हत्याराला दसऱ्याच्या उत्तरपूजेपर्यंत हात लावायचा नाही. लहानपणी याच नियमापायी अभ्यास बुडे आणि हर्षद नाचे. आता मात्र स्वयंपाकघर ते गॅलरी येरझाऱ्या चालल्या होत्या.

"नुसता फिरतोस कशाला? सायकल पुसून आण. तिचीही पूजा करू."

"ती नको."

"का नको?"

"नको म्हटलं ना!"

सुगंधाबाईंनी त्याच्याकडे एकदा नीट पाहिलं, आणि त्या पुरणाकडे वळल्या.

दसऱ्याला हार उतरला. डाउनलोड तुटलं होतं तिथूनच पुढे सरकलं, नशीब. हर्षदने निहारला फोन लावून स्पीकरवर ठेवला आणि गेम सुरू केला. सपाटीवर तो निहारच्या पुढे होता. मग झाडं संपली आणि समोर उतार आला. त्याचं बोट ब्रेकवर गेलं ते तिथेच चिकटलं. पडद्यावरचा सायकलवाला कड्याशी उभा.

निहार पुढे निघून गेला होता. "अरे, थांबलास काय? नेट गेलं?"

हो म्हणायचं, की सुटला. तोंडाशी आलंच होतं.

"नेट आहे. मला उतरता येत नाहीये. भीती वाटते."

"गेममध्ये?"

"सगळीकडेच. एप्रिलपासून."

पडद्यावर खाली निहारची सायकलही थांबली. मग, "आधी बोलायचंस ना, गाढवा! मी रोज फोन करून तुला आळशी म्हणतोय."

स्वयंपाकघरातून आवाज आला, "आणि मी त्या सायकलवरून रोज डोकं खाते ते? मला सांगायला काय झालं होतं?"

"आता सांगितलं ना," हर्षद मान न वळवता म्हणाला.

"ये सावकाश," निहार म्हणाला. "मी खाली थांबतो."

त्याने ब्रेक जरासा सोडला, धरला, पुन्हा सोडला. सायकल आजारी बैलासारखी उतरली. शर्यत म्हणावी असं त्यात काही उरलं नव्हतं. खाली पोहोचल्यावर त्याने तळवे लेंग्याला खसाखसा पुसले.

"पुन्हा वरून घेऊया," तो निहारला म्हणाला. "पण तू माझ्या मागे राहा."