न पाहिलेला ओहोळ

हे कुठल्या पोलीस ठाण्यात झालं ते मी सांगणार नाही. राहतो भिसेगावात, दुकान हायवेच्या बाजूला आहे, आणि त्या ठाण्यासमोरून मला अजून रोज जावं लागतं. भित्रा म्हणा हवं तर. आहेच मी.

झेरॉक्सचं दुकान आणि समोर ठाणं, म्हणजे मी हक्काचा पंच. पोलिसांनी एखादी वस्तू जप्त केली की ती कुणाच्या देखत केली हे पंचनाम्यात लिहावं लागतं. तो माणूस म्हणजे पंच. त्याने सोबत जाऊन डोळ्यांनी पाहायचं असतं. आमच्याकडे रीत वेगळी होती. हवालदार दारातून हाक मारायचे, "भाऊ, दोन मिंटं या." मी गल्ला बायकोवर सोपवून जायचो. चहा यायचा, मागून कागद यायचा, मी खाली सही करायचो. वाचत बसलो तर त्यांच्यावर अविश्वास दाखवल्यासारखं होईल असं वाटायचं. शिवाय पोलिसांत ओळख असलेली बरी. चारचौघांत मिरवायचोही मी ती.

अशाच एका सहीचं समन्स चार वर्षांनी दुकानात आलं. प्रकरण मला जेमतेम आठवत होतं. पोल्ट्रीवर राबणाऱ्या दोघांचं भांडण झालं, त्याच रात्री अंधारात मागून येऊन कुणीतरी एकाच्या हातावर कोयत्याचा घाव घातला आणि तो हात कायमचा निकामी झाला. मारणारा त्याला दिसला नव्हता; भांडणावरून दुसऱ्याला पकडलं. तो बाहेरगावचा मजूर, जामिनाला कोण उभं राहणार? चार पावसाळे आतच होता. मी तो नव्हेच, असं तो पहिल्या दिवसापासून म्हणत होता. आणि पंचनामा म्हणत होता की त्याने आम्हा दोन पंचांसमोर ओहोळातून स्वतःच्या हाताने कोयता काढून दिला. सोबतचा दुसरा पंच मधल्या काळात वारला होता. म्हणजे पोलीस सोडले तर हे सांगायला मी एकटा उरलो होतो, आणि मी तर ठाण्यातल्या खुर्चीवरून उठलोही नव्हतो.

संध्याकाळी हवालदार पंचनामा घेऊन आले. त्याची एक प्रत मीच माझ्या मशीनवर काढली.

"पाठ करा नीट," ते म्हणाले. "आयत्या वेळी फिरलात तर आमाला काय नाय, तुमच्याच मागं लागंल. दुकान हितंच हाय ना तुमचं?"

ते हसून बोलले. मला ते हसणंच नको होतं.

आठ दिवस तोंडात घास फिरत राहिला. खोटं बोललो तर शपथेवर खोटं, आणि एक माणूस कदाचित फुकटचा आत. खरं बोललो तर हवालदार, शिवाय खोट्या सहीबद्दल मलाच आत टाकतील ही भीती. बायको म्हणाली, "अहो, खरं काय ते सांगून मोकळे व्हा." मी तिच्यावर खेकसलो. मग बसून शाळेतल्या कवितेसारखा तो कागद पाठ केला. 'ओहोळाच्या कोरड्या पात्रातील दगडाखालून.' तारीखही पाठ केली, नुसते आकडे.

पुढची तारीख पडेल अशी मला आशा होती. इतकी वर्षं दुसरं काय होत होतं? पण नव्या मॅजिस्ट्रेट बाई जुनी प्रकरणं हातावेगळी करायला बसल्या होत्या. साक्षीदार आला की त्याच दिवशी साक्ष. आपण जे बोलू ते समोरच्या स्क्रीनवर उमटत होतं. मागच्या बाकावर त्या जखमी मुलाची आई बसली होती. आरोपीने माझ्याकडे पाहिलं आणि नजर पुढे नेली. त्याने मला ओळखलं नाही. ओळखणार कसा?

सरकारी वकिलांना मी सगळं घडाघडा म्हणून दाखवलं. हवालदार दारापाशी मान डोलावत होते. मग आरोपीला सरकारकडून मोफत मिळालेली वकील उठली, माझ्या मुलीच्या वयाची.

"तुमची भातशेती आहे?"

"वडिलोपार्जित."

"ही तारीख जुलैमधली आहे. तेव्हा तुमची लावणी झाली होती?"

शेतीचं विचारलं की मला राहवत नाही. "ऐन भरात असते, मॅडम. शेतात गुडघाभर चिखल."

"आणि ओहोळात?"

मी तर पात्र कोरडं असल्याचं म्हणून दाखवलं होतं. जुलैत आमचे ओहोळ कसे वाहतात हे कोर्टातल्या शिपायालाही ठाऊक होतं. कुठल्या तरी उन्हाळ्यातला पंचनामा समोर ठेवून कुणीतरी हा उतरवला होता, आणि मी आठ दिवस घोकूनही माझ्या डोक्यात प्रकाश पडला नव्हता. दाराकडे बघायचा धीर झाला नाही.

"मी गेलोच नव्हतो," मी म्हणालो. "सही ठाण्यात केली."

मॅजिस्ट्रेट बाईंनी पेन खाली ठेवलं. "काय बोलताय ते कळतंय ना तुम्हाला?"

"कळतंय."

ते स्क्रीनवर उमटलं. प्रिंट आल्यावर मी सवयीने पेन उचललं. त्या म्हणाल्या, "आधी वाचा." मी वाचलं. जन्मात पहिल्यांदा वाचून सही केली, आणि ती माझ्या नेहमीच्या सहीसारखी आली नाही.

तो मजूर सुटला. माझ्यावर खटला झाला नाही, पण बरेच महिने दाराशी बुलेट थांबली की मी मशीनमागे सरकायचो. हवालदारांची बदली झाली. आता कायदाही बदललाय, जप्ती करताना मोबाइलवर चित्रण करावं लागतं. बोलावलं तर मी जातो, चिखल तुडवत जातो, आणि दिसेल तेवढंच सांगतो. आवाज कापतो माझा त्या व्हिडिओत.

मागच्या महिन्यात ती आई दुकानात आली. मुलाच्या अपंगत्वाच्या दाखल्याच्या दोन प्रती हव्या होत्या. मी खाली मान घालून काढून दिल्या. ती जाईना.

"भाऊ, त्यानंच मारलं का रं माझ्या पोराला?"

"मला खरंच ठाऊक नाही, मावशी."

"कोयता त्यानंच काढून दिला व्हता का?"

"मी पाहिलं नाही."

"तेच म्हनते मी. तुमी पायलं आसतं तर कळलं आसतं. त्यो सुटला, माझ्या पोराचा हात गेला, आन कुनी केलं ते कुनालाच ठावं नाय." तिने कागद पदरात गुंडाळले. "ठान्यापासनं त्यो ओहोळ किती लांब हाय?"

"दहा मिनिटं."

"मग गेला का नाय?"

ती उत्तरासाठी थांबली होती, आणि मला हवालदारांची वाटली नव्हती इतकी तिची भीती वाटली.

"पाऊस होता," मी म्हणालो.