साठे काका आणि मिशिगनच्या गाड्या

मिशिगनमधल्या ट्रॉयमध्ये आम्ही चार मराठी डोकी जमली की नदीपलीकडच्या साठे काकांचा विषय निघतोच. किस्से नुसते साठत गेलेत. एक जण सुरू करतो, दुसरा मीठमसाला लावतो, आणि मी कसनुसं हसून चहा टाकायला उठतो. आज मीच सांगून टाकतो.

काका कॅनडात, विंडसरला. गाड्यांच्या कारखान्यातून रिटायर झाले आणि तिथल्या कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षातर्फे ओंटारिओ प्रांताच्या विधानसभेला उभे राहिले. पहिल्या खेपेला पडले, तरी आम्ही चिडवायला त्यांना 'आमदार' म्हणायचो.

*

त्या पहिल्या प्रचारात मीही दारोदार फिरलो. काका किती भला माणूस, हे एका आजीबाईंना दहा मिनिटं पटवलं. त्या म्हणाल्या, "म्हणजे तुझं मत त्यांनाच?"

मी ऐटीत म्हटलं, "छे, मी अमेरिकेत राहतो."

त्यांनी दार लावून घेतलं. काका म्हणाले, "उद्यापासून तू पत्रकांच्या घड्या घाल."

*

दुसऱ्या खेपेला काका खरंच आमदार झाले. भाषणात पालुपद एकच, सरकारने फुकट काही वाटू नये. त्याच सुमारास मी अमेरिकेच्या व्हिसा स्टॅम्पिंगला कॅनडात गेलो आणि माझे कागद अडकले. परत येता येईना. वीस दिवस काकांकडे मुक्काम, काकूंच्या हातचं गरम पिठलं.

एकदा मी म्हटलं, "काका, हे तुमच्या धोरणात बसतं का?"

"धोरण सरकारसाठी. पिठलं आमचं आहे. अगं, वाढ याला अजून."

*

तिसरी निवडणूक अटीतटीची होती. काकांचा फोन आला, "हॉल रिकामा दिसला तर पेपरवाले सोडणार नाहीत रे. या सगळे. पण गाड्या आणू नका, नदीखालच्या टनेलची बस पकडा."

बस? मी नुकतीच नवीकोरी गाडी घेतली होती. नंबरप्लेटवर हौसेने लेकीचं नाव घातलेलं, 'सई'. गाडी काकूंना दाखवायची होती. मी गाडी काढली म्हटल्यावर मागोमाग सगळ्यांनी काढल्या. हॉल खच्चून भरला, आम्ही हात दुखेपर्यंत टाळ्या वाजवल्या.

दुसऱ्या दिवशी पेपरात हॉलचा फोटो नव्हताच, पार्किंग लॉटचा होता. ओळीने मिशिगनच्या गाड्या, आणि सगळ्यात पुढे, दाराशी, माझी. खाली लिहिलं होतं, 'यांचे मतदार राहतात कुठे?'

काका थोडक्यात पडले.

*

नंतर फोनवर त्यांनी एवढंच विचारलं, "गाड्यांचं कुणी सुरू केलं रे?"

"ती नागपूरची नवीन पोरं आहेत ना, काका. सांगून कळत नाही त्यांना."

ज्यांच्या घरी वीस दिवस जेवलो, त्यांच्याशी मी हे बोललो. लाज वाटते, अजूनही वाटते.

काका मग म्हणाले, "असेल. सई काय म्हणते?"

पुन्हा ते कधी उभे राहिले नाहीत.

*

पुढच्या वर्षी ट्रॉयमधल्या एका शाळेत मराठी मंडळाचा गणपती होता. त्याच दुपारी मंडळाची निवडणूक, आणि अध्यक्षपदाला मी. पार्किंगची ड्युटीही माझ्याकडेच. काकांसाठी दाराजवळची जागा धरून ठेवली होती. ओंटारिओच्या नंबरची त्यांची गाडी दिसली तसा मी हात केला, "काका, इथे लावा."

काकांनी काचेतूनच मान हलवली, गाडी पार मागे, शाळेच्या कचरापेट्यांपलीकडे नेऊन लावली. मोदकांचा डबा सांभाळत, दुखऱ्या गुडघ्याने एवढं अंतर चालत आले.

"काका, एवढ्या लांब कशाला?"

त्यांनी डबा माझ्या हातात दिला. म्हणाले, "तू उभा आहेस ना आज? दाराशी परदेशी गाडी बरी दिसत नाही."