चोरीच्या प्रतीवरचा उजेड

"माझं मशीन कुणाशी बोलत नाही, म्हणून ते कुणाशी भांडतही नाही," तो एकदा म्हणाला होता.

नाट्यगृहात, प्रेक्षकांच्या मागे, काचेआडच्या अंधाऱ्या खोलीत बसून तो रंगमंचावरचे दिवे चालवायचा. सगळे त्याला घुबड म्हणत. बायको गेल्यापासून घरी तो झोपण्यापुरताच जाई. डबाही त्या खोलीतच उघडे.

दिव्यांचं सॉफ्टवेअर चोरीचं होतं. विकत घ्या म्हणून तो व्यवस्थापकांच्या मागे लागला, तेव्हा ते म्हणाले होते, कसंही करून भागवा. मग त्याने कुणाकडून तरी कुलूप तोडलेली प्रत आणली. पथ्य एकच होतं: कॉम्प्युटरला इंटरनेट लागू द्यायचं नाही. लागलं की चोरी पकडली जाणार आणि प्रत बंद पडणार. हे त्याने कुणाला सांगितलं नाही. त्यापेक्षा खोलीत कुणाला फिरकू न देणं त्याला सोपं वाटलं. एकटेपणा असा कामाचं निमित्त करून आत आला आणि तिथेच राहिला.

नाटकातली थोरली नटी ही त्याची जुनी ओळख. शेवटच्या प्रवेशात ती उंच जिना समोर बघत उतरे. तिचं पाऊल पडण्याआधी पायरी उजळे. प्रयोगाआधी ती खालून हाक मारायची, "घुबडा, जागा आहेस ना रे?" तो एक दिवा मिचकावायचा. त्याचं दिवसभराचं बोलणं एवढंच.

त्या दिवशी मध्यंतरात तो चहाला खाली गेला होता. आवाज आणि उजेड नेमके एकदम पडावेत म्हणून ध्वनी सांभाळणाऱ्या बाईंनी स्वतःचं, इंटरनेट लागलेलं मशीन त्याच्या मशीनला वायरने जोडलं. त्या वायरीतून इंटरनेटही आलं. नटी जिन्याच्या मध्यावर असताना त्याच्या स्क्रीनवर चौकट उमटली: ही प्रत अधिकृत नाही. सगळे दिवे गेले. अंधारात लाकडी पायऱ्यांवरून काहीतरी गडगडत गेलं.

दुसऱ्या दिवशी व्यवस्थापकांच्या खोलीत नटी प्लास्टरमधला हात गळ्यात अडकवून बसली होती. ध्वनीवाल्या बाई रडवेल्या होऊन पुन्हापुन्हा सांगत होत्या, वायर मीच लावली. व्यवस्थापक म्हणाले, मशीन जुनं होतं म्हणू आणि विषय मिटवू. घुबडाने नुसती मान हलवली असती, तरी ती काचेआडची खोली त्याचीच राहिली असती.

"वायरीचा दोष नाही," तो म्हणाला. "प्रत चोरीची होती. नेट लागलं की बंद पडणार, हे मला ठाऊक होतं."

व्यवस्थापक पंख्याकडे बघत राहिले. नटी रागावली नाही.

"मला तरी सांगायचंस रे," ती म्हणाली. "मी पायाखाली बघून उतरले असते."

त्याने खुर्ची टेबलाखाली सरकवली, काचेआडच्या खोलीची किल्ली टेबलावर ठेवली आणि तो बाहेर पडला.